जगदेवीचं खरं वय

दिवेलागण झाली की लातूरच्या गंजगोलाईजवळच्या त्या भांड्यांच्या दुकानात भांडण सुरू व्हायचं. भांडण जगदेवीचं आणि टीव्हीचं. टीव्ही कोपऱ्यात, स्टीलच्या डब्यांच्या वर बसवलेला, आणि जगदेवी गल्ल्यावर. तिचा नवरा मलप्पा या भांडणात पडायचा नाही. इतक्या वर्षांच्या संसारात एवढी अक्कल माणसाला येतेच.

"बघा, निजवली परत," जगदेवी म्हणायची. "आवो, काय झालंय हिला? पोराचं लगीन ठरलं की आई खाटंवर. लगीन मोडलं की आई खाटंवर. ह्या मालिकावाल्यांच्या घरात कोणाची आई उभी ऱ्हाती का न्हाई?"

मलप्पा म्हणायचा, "बंद कर की मग."

"बंद कामून करू? दुसरं काय हाय बघायला?"

आणि खरंच, दुसरं काय होतं? तिच्या वयाच्या बाईला टीव्हीवाल्यांनी आधी खोकायला लावलं. मग जमाना पालटला म्हणे, तर खोकणारी उठून बसली आणि भरजरी साडी नेसून सुनेच्या दुधात काहीबाही कालवायला लागली. ती तरी बरी, हिंडती-फिरती होती. आता त्याच्याही पुढचा जमाना आला. आता आजी डोळ्यांवर गॉगल लावते, बुलेटवर बसते, नातवाच्या हळदीत कंबर हलवते आणि इंग्रजी शिव्या देते. पेपरात छापून येतं की पडद्यावरची म्हातारी बाई बदलली, धीट झाली. जगदेवीला ह्या तिसरीचा राग सगळ्यात जास्त.

"आधी रडवलं, मग वीख कालवायला लावलं, आता माकडावानी नाचवून राहिलेत," ती म्हणायची. "मधली बाई कुठं गेली? सकाळी उठून शटर उघडती, गुडघा दुखला तर मलम चोळती आन् गिऱ्हाइकाला भाव सोडत न्हाई, ती?"

हे ती उगीच बोलत नव्हती. जगदेवी नटी होती. हौशी का होईना, पण लातूरच्या नाटकमंडळींत तिच्याशिवाय स्पर्धेचं नाटक उभं राहायचं नाही. आता लिंगायताचं व्यापारी घर, त्यात सून नाटकात काम करणार म्हटल्यावर सासूनं अट घातली होती, की करायचं तर आईचं काम कर. नायिका झालीस तर लोक बोलतील, आई झालीस तर काय बोलणार? म्हणून जगदेवी ऐन अठ्ठाविशीत आई झाली, तीही बँकेतल्या एका टकल्या कारकुनाची, जो तिच्यापेक्षा चांगला सात वर्षांनी मोठा होता. केसांवर टाल्कम पावडर थापायची, भुवयांच्या पेन्सिलीनं कपाळावर तीन रेघा ओढायच्या, झाली म्हातारी. सासू पहिल्या रांगेत बसून बघायची आणि खूश व्हायची. जगदेवी मनाशी म्हणायची, जाऊ दे, वय काय थांबून राहतंय का? एक दिवस मीच साठीची होईन, मग माझ्या वयाचं काम मला माझ्या तोंडानं करता येईल. पेन्सिल नको आणि पावडर नको.

झाली साठीची. सासू गेली, मुलं पुण्याला गेली, केस पांढरे झाले आणि ते काम काही आलं नाही. एकसष्टावं लागलं तेव्हा तनुजा आली.

तनुजा नांदेडची. वडील भोकरकडं शेती करणारे, पोरगी पुण्यात शिकून सिनेमे करायला लागलेली. नांदेडच्या नाट्यस्पर्धेत तिनं जगदेवीचं काम पाहिलं होतं. दुकानात आली, स्टुलावर बसली, चहा प्याली आणि म्हणाली, "काकू, माझा पहिला मोठा सिनेमा हाय. उदगीरची साठ वर्षांची एक बाई. नवरा वारतो. पोरं म्हणतात, आई, गल्ला आता आमच्याकडं दे, तू देवाचं बघ. ती म्हणती, देवाचं मी पहाटं बघते, दिवसभर गल्ला बघणार. एवढीच गोष्ट."

"मग ती आजारी पडती?" जगदेवीनं विचारलं.

"न्हाई."

"मरती?"

"न्हाई, काकू."

"मग बुलेटवर बसती?"

तनुजा हसली. "रिक्षानं जाती. आन् रिक्षावाल्याशी भाड्यावरून भांडती."

जगदेवीनं हातातला तांब्या खाली ठेवला. "हे काम कोण करणार?"

"तुम्हीच. तुम्हाला डोळ्यांपुढं ठेवून लिहिलंय मी."

त्या दिवसापासून दुकानात वेगळाच कारभार सुरू झाला. तनुजानं दिलेले कागद जगदेवीनं तोंडपाठ केले. दुपारी गिऱ्हाईक नसलं की मलप्पाला दुकानाच्या मागच्या खोलीत सतरंजीवर आडवं केलं जायचं, कारण नवऱ्याच्या मयतापुढं म्हणायची वाक्यं होती. मलप्पा रोज दुपारी मरायचा आणि चहाला उठायचा. मधे एकदा त्याला खरोखरीच झोप लागली आणि तो घोरला, तेव्हा जगदेवी जी कडाडली, की शेजारचा कापडवाला पळत आला. पण मलप्पानं कधी कुरकुर केली नाही. बायकोच्या तोंडावर असं तेज त्यानं कैक वर्षांत पाहिलं नव्हतं, आणि हे त्यानं तिला सांगितलंही.

दिवाळी तोंडावर आली तेव्हा निरोप आला, की निर्मात्यांचा माणूस लातूरला येतोय, लूक टेस्ट आहे, म्हणजे फोटो काढून बघायचं, चेहरा कॅमेऱ्यात कसा दिसतो ते.

आता इथं जगदेवीनं जे केलं, ते आपल्याकडच्या कुठल्याही बाईनं केलं असतं. फोटो म्हटलं की आपल्याकडं काय करतात? ठेवणीतलं लुगडं काढतात, गळ्यात सोनं घालतात आणि केसाला कलप लावतात. तिची अव्वा, म्हणजे आई, सांगायची, माणूस जातं, फोटो भिंतीवर राहतो, तो नीट असावा. जगदेवीनं पार्लरवाल्या पोरीला घरी बोलावून केस काळेभोर करून घेतले, इरकल नेसली, बोरमाळ घातली आणि कपाळाला विभूती लावून ताठ मानेनं तो माणूस उतरला होता त्या हॉटेलात जाऊन उभी राहिली. मलप्पा म्हणाला, "लई भारी दिसून राहिलीस." ती लाजली बिचारी.

निर्मात्यांच्या माणसाचं नाव राजशेखर. त्यानं तिच्याकडं पाहिलं, हातातल्या मोबाइलकडं पाहिलं, परत तिच्याकडं पाहिलं. "काकू, आम्हाला साठीची बाई पाहिजे होती."

"मी एकसष्ट वर्षांची हाय."

"असाल हो. पण वाटत नाही ना. केस काळे, पाठ ताठ. चालणं तर असं, की आत्ता पायरी चढून पळाल."

"साठीला पाठीला काय हुतंय?"

"तसं नाही, काकू. बघणाऱ्याला पटलं पाहिजे."

तनुजा बाजूला उभी होती, खाली मान घालून. जगदेवी घरी आली ती थेट मोरीत. शिकेकाई झाली, साबण झाला, मलप्पानं दुकानातला भांडी घासायचा साबणसुद्धा आणून दिला. कलप काय हळद आहे का धुतल्यावर जायला? आठ दिवसांनी तनुजाचा फोन आला. काम मुंबईच्या एका नटीला दिलं होतं. वय त्रेचाळीस. तिला पिकल्या केसांचा टोप लावणार होते.

"म्हंजे साठीची बाई साठीची वाटत न्हाई, आन् चाळिशीची वाटती," मलप्पा म्हणाला.

 जगदेवीनं सगळा दोष स्वतःच्या डोक्यावर घेतला, अक्षरशः. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आयुष्यभर ज्या कामाची वाट बघितली ते दारात आलं आणि आपण कलप लावून त्याला हाकलून दिलं. आरशापुढं उभी राहून ती स्वतःच्या केसांना शिव्या द्यायची. कलप सोडला. मुळाशी पांढरं दिसायला लागलं, हळूहळू सगळं डोकं पांढरं झालं, तरी मनातली चुटपुट जाईना. रात्री जेवताना घास हातात धरून बसायची. मलप्पा म्हणायचा, "दिसत तर भारी हुतीस." ती म्हणायची, "त्येच तर नडलं."

मग तनुजा परत आली. ह्या खेपेला चहा तिला गोड लागत नव्हता. म्हणाली, "काकू, एक काम हाय. त्या बाईच्या आईचं. ऐंशीच्या घरातली, खाटंवर असती. दोनच प्रसंग हायत. आन् मुंबईच्या बाईला आपली बोली शिकवायची हाय. तुमचा हात सिनेमाला लागलाच पाहिजे."

म्हणजे जगदेवी एकसष्टाची, तिनं त्रेचाळिशीच्या बाईची आई व्हायचं, का, तर ती त्रेचाळिशीची साठीची दाखवायची आहे. काखेत कळसा आणि गावाला वळसा! दुसरी कोणी असती तर परात फेकून मारली असती. पण जगदेवीला वाटत होतं, चूक आपलीच आहे, भोगायला पाहिजे. आणि खरं सांगायचं तर, जे काम आपलं नाही झालं त्याच्या जवळ तरी बसायला मिळेल, एवढी आशा होती. ती हो म्हणाली.

शूटिंग नांदेडला, भाड्यानं घेतलेल्या एका घरात. मुंबईची नटी वाईट नव्हती. मन लावून शिकायची, पण 'न्हाई' म्हणायला गेली की तोंडातून 'नाय' यायचं. एकदा पाठ घेता घेता म्हणाली, "ताई, ह्या वर्षी मला तीन ठिकाणी आईचं काम आलंय. मी ज्याची हिरोईन व्हायचे तो नट पंचावन्नचा झाला, तो सिनेमात अजून कॉलेजात जातो." जगदेवीला तिची दया आली आणि रागही आला, दोन्ही एकदम.

मेकअपवाला वैजनाथ म्हणून होता, उमरीचा, तोंडाचा भारी सैल. त्यानं जगदेवीला खुर्चीत बसवलं आणि गालावर डिंकासारखं काहीतरी फासून सुरकुत्या चिकटवायला घेतल्या.

"मावशी, कातडी लई कडक हाय तुमची. सुरकुती धरंना झाली."

"माझे केस तरी राहू दे. पांढरे हायत आता," जगदेवी म्हणाली.

"हे पांढरं कमी पडतं मावशी. ऐंशीचं वाटलं पाहिजे." असं म्हणून त्यानं तिच्या खऱ्या पांढऱ्या केसांवर खोटा पांढरा टोप चढवला. बाजूला लाकडी ठोकळ्यावर नटीचा करडा टोप ठेवलेला होता. वैजनाथनं तो कौतुकानं उचलून दाखवला. "हे बघा काम. एकेक केस हातानं ओवलाय. मॅडमच्या डोक्याचं माप मीच पाठवलं हुतं, पोळ्याच्या आधी. महालक्ष्म्या बसल्या तवा तयार होऊन आला."

जगदेवी आरशात बघत होती. "कधी म्हणलास?"

"पोळ्याच्या आधी."

"पक्कं? दिवाळीत न्हाई?"

"दिवाळीत कसं? महालक्ष्म्याला माझ्या हातात हुता की टोप."

लूक टेस्ट दिवाळी तोंडावर असताना झाली होती. म्हणजे जगदेवी इरकल नेसून, अव्वाची शिकवण आठवून त्या हॉटेलात उभी होती, तेव्हा हा टोप तयार होऊन कुठल्यातरी पेटीत पडला होता. कलपाचा काही संबंध नव्हता. काळ्या केसांनी गेली तरी तेच आणि पांढऱ्या केसांनी गेली असती तरी तेच. तिची तळपायाची आग मस्तकाला गेली. एवढे महिने ती आपल्याच केसांशी भांडली होती!

तेवढ्यात तिला आत बोलावलं. खाटेवर निजवलं, अंगावर वाकळ टाकली. दिवे लागले. तिनं दोनदा खोकायचं होतं आणि म्हणायचं होतं, 'पोरी, सोड आता गल्ला. बाईच्या जातीनं किती हाव धरावी.' नटी खाटेशी गुडघ्यावर बसली, डोळ्यांत पाणी आणून म्हणाली, "आई, मी गल्ला सोडणार नाय."

जगदेवी एकदा खोकली. दुसरा खोकला आला नाही. ती वाकळ बाजूला सारून उठून बसली.

"मला खोकला न्हाई," ती म्हणाली. "मला काय बी झालं न्हाई. मी एकसष्ट वर्षांची हाय. ऐकून राहिलाव का समदे? एकसष्ट. तोंडातले दात माझे हायत. पितळी हंडे म्या उचलते रोज. मला खाटंवर कामून निजवलंय? साठीची बाई कशी दिसती ते बघायचं हुतं, तर माझ्याकडं बघायचं हुतं. तुमचा टोप महालक्ष्म्याला तयार हुता, मग दिवाळीला मला कशापायी उभं केलं, तनुजा?"

बोलता बोलता गालावरची एक सुरकुती सुटली आणि लोंबायला लागली. कोणीतरी मागून फिस्सकन हसलं. तनुजा पुढं आली. तिचे डोळे भरले होते. "मला ठाऊक हुतं काकू," ती म्हणाली. "त्यांनी आधीच ठरवलं हुतं. पण तुम्हाला बघितल्यावर ऐकतील असं वाटलं मला. खरंच वाटलं."

 पोरगी खोटं बोलत नव्हती. जगदेवीनं सुरकुती परत चिकटवून घेतली, आडवी झाली आणि दोनदा खोकली. हौशी नाटकात एक सवय लागते माणसाला, पडदा वर गेला की मधेच उठून जायचं नाही. लातूरला परत जाताना बसमध्ये ती खिडकीकडं तोंड करून बसली आणि अहमदपूर येईपर्यंत रडली, रागानं.

इथं संपलं असतं तरी चाललं असतं. पण दिव्यांच्या मागून कोणीतरी तो प्रकार मोबाइलवर टिपला होता. त्यानं 'मी एकसष्ट वर्षांची हाय' पासून 'हंडे उचलते रोज' पर्यंतचा तुकडा ठेवला, टोपाची गोष्ट कापली आणि दिला सोडून. वर लिहिलं, 'ऐंशीच्या आजी म्हणतात मी एकसष्टची.' आता बघणाऱ्याला दिसणार काय? पांढराशुभ्र टोप, लोंबती सुरकुती, आणि वर म्हातारी ठासून सांगतेय मी एकसष्ट. नांदेड हसलं, लातूर हसलं, पुण्याहून पोरांनी आईला फोन करून हसत हसत विचारलं. खाली लोकांनी लिहिलं होतं, आजी, वीस वर्षं कुठं पुरून ठेवली? आजी, आमचंबी वय जरा कमी करून द्या.

एक दिवस कॉलेजच्या दोन पोरी दुकानात शिरल्या. "काकू, ती व्हायरल आजी इथंच असती का? फोटो काढायचाय."

"मीच ती," जगदेवी म्हणाली.

पोरी एकमेकींकडं बघून हसल्या. "तुम्ही न्हाई हो काकू. म्हातारी आजी. तुमच्या सासूबाई हायत का त्या?"

जगदेवीनं त्यांना डबा दाखवला, भाव सांगितला आणि वाटेला लावलं. मलप्पा म्हणाला, चला, तरुण तरी समजल्या. तिनं त्याच्याकडं असं पाहिलं की तो मुकाट्यानं मागच्या खोलीत गेला.

चार दिवसांनी राजशेखरचा फोन आला. आवाजात साखर पेरलेली. "काकू, अहो काय तुम्ही! सिनेमा येईल तेव्हा येईल, आम्ही मालिका करतोय. रोजची. मुख्य काम तुमचं. जाहिरातीत सगळीकडं तुमचाच चेहरा."

मुख्य काम. मलप्पा कान लावून ऐकत होता, त्यानं हातानं खूण केली, हो म्हण, हो म्हण. जगदेवीनं फोन कानाला घट्ट दाबला. एवढं होऊनही, बघा, माणसाचं मन कसं असतं.

"बाई कशी हाय?" तिनं विचारलं.

"एकदम धमाल. ऐंशीची आजी, पण वय चोरते. जो भेटेल त्याला सांगते, मी एकसष्ट वर्षांची हाय. रोजच्या भागात एकदा तरी ते वाक्य येणार. मेकअप तोच ठेवू, ती लोंबणारी सुरकुती पण ठेवू. लोक वेडे होतील."

जगदेवीनं गल्ल्याच्या कडेला हात टेकला. ती ओरडली नाही. खाटेवर ओरडली होती, त्याचं काय झालं ते तिनं बघितलं होतं. म्हणून ह्या वेळी ती हळू आवाजात, शाळेतल्या पोराला समजावून सांगावं तसं बोलली.

"राजशेखर, म्या त्या दिवशी विनोद केला न्हाई, बाबा. मी खरंच एकसष्ट वर्षांची हाय."

 पलीकडं राजशेखर जो हसायला लागला, तो थांबेना. हसता हसताच त्यानं आणखी कोणाकोणाला हाक मारली, खुर्च्या सरकल्याचे आवाज आले.

"हाच, अगदी हाच आवाज पाहिजे," तो म्हणाला. "थांबा, स्पीकरवर घेतो, सगळे ऐकतायत इथं. परत एकदा म्हणा, आजी."